हिंगोली ते वसमत, दहा पैशांत

सटवाजी माझ्या दुकानात कामाला होता. कुणी त्याचं नाव काढलं की मी आधी हेच सांगतो. माणूस थोडा चमकतो, माझ्याकडं नीट बघतो, आणि तेवढ्यापुरतं मला बरं वाटतं.

खरं सांगायचं तर आम्ही दोघं कुरुंद्याचे. शाळेत एका वर्गात होतो, पुढं नांदेडला वायरमनचा कोर्सही बरोबरच केला. माझ्या वडलांची हळदीची शेती चांगली, त्यांनी मला वसमतला मोंढ्याच्या, म्हणजे धान्यबाजाराच्या, रस्त्यावर रेडिओ दुरुस्तीचं दुकान टाकून दिलं. सटवाजीचे वडील बौद्धवाड्यातले, दुसऱ्यांच्या शेतात राबणारे. त्यांच्याकडं पोराला द्यायला दुकान नव्हतं. म्हणून तो माझ्याकडं आला आणि दुसऱ्या टेबलावर बसला. गिऱ्हाइकांसमोर तो मला ‘अमृतराव, तुमी’ म्हणायचा. दोघंच असलो की ‘अमरत्या, तू’.

कामात मी त्याच्यापेक्षा वरचढ होतो. हे मी फुशारकीनं सांगत नाही, गाव सांगेल. पंख्याची, मोटारीची जळालेली गुंडाळी मी अशी बांधायचो की तार कुठं संपली ते दिसायचं नाही. सटवाजीला असल्या कामाचा कंटाळा. रेडिओ उघडला की तो दुरुस्त व्हायच्या आत याच्या डोक्यात दुसरंच काहीतरी सुरू व्हायचं. एकदा त्यानं दोन बटणं आणि दोन बल्ब फळीवर ठोकले आणि दुकानात येईल त्याला म्हणायचा, “बघू, माझ्या आधी तुमचा दिवा लागतो का.” रेडिओ न्यायला आलेली माणसं तासतासभर तिथंच. मी म्हणालो, “सटव्या, हे दुकान हाय.” तो हसला आणि फळी टेबलाखाली सरकवली. दुसऱ्या दिवशी गिऱ्हाइकांनीच ती मागून घेतली.

चौऱ्याहत्तरच्या उन्हाळ्यात त्यानं दुकानाच्या मागच्या खोलीत मोठी पेटी करायला घेतली. विचारलं तर म्हणाला, “यष्टी करून राहिलो.”

लाकडी पेटी, कमरेएवढ्या उंचीची. आत दोन रूळ आणि त्यांच्यावर ताणलेला जाड कापडाचा लांब पट्टा. पंख्याची जुनी मोटार तो पट्टा फिरवायची. पट्ट्यावर त्याच्या बायकोनं, पद्माबाईनं, हिंगोलीपासून वसमतपर्यंतचा रस्ता रंगवला होता. हिंगोलीचा बसस्टँड, औंढ्याच्या डोंगरातली वळणं, चिंचेची झाडं, मधेच रस्त्यात उभी राहिलेली म्हैस, आणि शेवटी वसमतचा मोंढा. वर एक लाकडी तांबडी बस, ती खेळणाऱ्याच्या हातातल्या चाकानं डावी-उजवीकडं हलायची. रस्त्याच्या दोन्ही कडांना आणि म्हशीच्या भोवती पद्माबाईनं तांब्याची बारीक तार शिवली होती. बसच्या पोटाखालची पितळी पट्टी त्या तारेला टेकली की घंटा वाजायची आणि पट्टा जागच्या जागी थांबायचा. खेळ खलास.

“कुणी खेळंल हे?” मी म्हणालो. “खरी यष्टी बाहेर उभी हाय.”

“ती डायव्हर चालवतो,” सटवाजी म्हणाला. “आपल्याला कुठं चालवू देतो?”

पेटीच्या मागं, त्याच्या गुडघ्याजवळ, त्यानं पंख्याचा रेग्युलेटर बसवला होता. खेळणाऱ्याला दिसणार नाही असा. तो काय करतो ते फक्त त्याला, पद्माबाईला आणि मला माहीत होतं. “चाक तर फिरवून बघ,” तो म्हणाला. मी हातात सोल्डरिंगचं काम आहे म्हणालो. तसं काही काम नव्हतं.

त्या साली हिंगोलीच्या दसऱ्याला त्यानं पेटी नेली. एका फेरीला दहा पैसे. मी तिसऱ्या दिवशी गेलो, त्याचा खेळ फसला असेल असं धरून. लांबूनच घोळका दिसला. बांगड्यांच्या दुकानासमोर मोकळी जागा, आणि याच्या पेटीभोवती माणसांवर माणसं. बाजूला काळा फळा, त्यावर खडूनं ‘वसमत गाठलेले’ असं लिहिलेलं आणि खाली नावं. बक्षीस काही नाही, फक्त नाव. तेवढ्यासाठी माणसं पुन्हा पुन्हा रांगेत लागत होती.

चाकावर तेव्हा चतुराबाई होती, वसमतच्या बाजारात भाजी विकणारी. पदर खोचलेला, जीभ दातात. औंढ्याच्या शेवटच्या वळणावर बस कडेला गेली तशी सगळी माणसं ओरडली, “मावशे, उजवीकडं!” तिनं चाक वळवलं, बस सुटली, आणि मोंढा आला. सटवाजीनं फळ्यावर तिचं नाव लिहिलं. तिला वाचता येत नव्हतं. ती म्हणाली, “कुठंय? बोट ठिव.” त्यानं बोट ठेवलं. तिनं तिथं नुसतं बघितलं, आणि मग माणसांकडं वळून असं हसली, की मी तिथून निघालो.

घरी आल्यावर माझी बायको जनकाबाई म्हणाली, “मी आन् शेजारची मालनबाई कालच जाऊन आलो. किती डोकं हाय हो त्या सटवाजीला! इतकी वर्षं तुमच्याकडं हाय आन् तुमी कधी बोलला न्हाई.”

“त्यात काय बोलायचं?” मी म्हणालो. भात गरम होता, तरी मी ताटावरून उठलो.

तिथून पुढं माझं कामात लक्ष लागेना. सटवाजी दुकानात नेहमीसारखाच यायचा, नेहमीसारखाच बोलायचा. पण दारात माणूस आला की विचारायचा, “बसवाले सटवाजी हायेत का?” माझ्या नावाची पाटी त्यांच्या डोक्यावर होती, ती कुणी वाचत नव्हतं. मी मनात त्याचे दोष मोजायचो. याला धड जोड मारता येत नाही. पेटीचे कोपरे बसलेले नाहीत. रस्ता तर बायकोनं काढलाय. मग याचं आहे काय?

हे शोधायला मी स्वतःच एक खेळ केला. विमानाचा. सागवानी पेटी, वर फॉर्मायका, सुतार परभणीहून आणला. मोटारीची गुंडाळी मी स्वतः बांधली, आवाज म्हणून नाही. आकाशाचा पट्टा नांदेडच्या पाट्या रंगवणाऱ्याकडून काढून घेतला. विमानाच्या पंखांना तांबडे-हिरवे दिवे. पंचाहत्तरच्या उन्हाळ्यात नरसीच्या यात्रेत मी तो मांडला. माणसं आली, खूप आली. “वा!” म्हणाली, पेटीवरून हात फिरवला, एकदा खेळली आणि पुढं रेवड्या घ्यायला गेली. एका म्हाताऱ्याला मी म्हणालो, “बाबा, अजून एकदा बघा की.” तो म्हणाला, “लई छान हाय मालक. पण पुन्हा काहून खेळायचं?”

सटवाजी दुसऱ्या दिवशी मुद्दाम बघायला आला. त्यानं चार वेळा विमान उडवलं. नंतर मला बाजूला घेतलं.

“अमरत्या, मोटार काय बांधलीस! माझी तिच्यापुढं गिरणी वाटते. पण एक सांगू का?”

“सांग.”

“इमान पडतं तवा माणसाला कळत न्हाई तो कुठं चुकला. आभाळात काय, सगळीकडं सारखंच. चूक दिसली पायजे. दिसली की माणूस म्हणतो, च्यायला, एवढंच होतं, आता बघतो. मग तो परत येतो.”

तो बरोबर बोलत होता. तो माझं वाईट चिंतून बोलला असता तर मी ते सहन केलं असतं. तो मनापासून सांगत होता, खांद्यावर हात ठेवून, आणि मला तो हात झटकावा वाटला. विमान मी गोदामात टाकलं.

दसरा जवळ आला. सटवाजीनं तोवर दुसरी पेटी केली होती, हिंगोलीला दोन मांडणार होता. आणीबाणीचे दिवस होते, अर्ज झटपट चालायचे. मी एक अर्ज लिहिला. नाव घातलं नाही. ‘सदर इसम विजेच्या यंत्रावर जनतेची फसवणूक करीत असून, यंत्राच्या मागे गुडघ्याजवळ लपविलेली कळ आहे. त्या कळीने तो पट्ट्याचा वेग आपल्या मर्जीने वाढवितो व खेळणारास हरवितो. हा जुगार आहे.’ हिंगोलीला जाऊन तहसीलच्या तक्रारपेटीत मी तो स्वतःच्या हातानं टाकला. परत येताना गाडीत मला झोप लागली. चांगली, गाढ झोप. हेही सांगितलं पाहिजे.

दसऱ्याच्या आधल्या दिवशी दुकानात शिपाई आला. मला वाटलं, कळलं. तो म्हणाला, “नायब तहसीलदार साहेबांनी बोलावलंय. विजेच्या कामातले जाणकार म्हणून. एका यंत्राची तपासणी हाय.”

मी गेलो. हिंगोलीच्या दसऱ्याच्या मैदानात पेटीपुढं साहेब खुर्ची टाकून बसले होते. बाजूला जमादार. सटवाजी हात जोडून उभा. पद्माबाई दुसऱ्या पेटीच्या पट्ट्यावर तार शिवत होती, तिनं सुई थांबवली नव्हती. मला बघून सटवाजीचा चेहरा उजळला. “साहेब, हे अमृतराव. माझे मालक. ह्यांना सगळं ठाऊक हाय.”

साहेबांनी अर्ज मोठ्यानं वाचला. ‘गुडघ्याजवळ लपविलेली कळ’ इथपर्यंत ते आले, तशी पद्माबाईची सुई थांबली. सटवाजीनं माझ्याकडं बघितलं. रागानं नाही. एखाद्या रेडिओत बिघाड कुठं आहे ते सापडत नसतं आणि मग एकदम सापडतं, तेव्हा तो असा बघायचा.

“कळ आहे का?” साहेबांनी विचारलं.

“हाय,” सटवाजी म्हणाला, आणि पेटी फिरवून दाखवली.

“कशासाठी?”

“साहेब, पहिल्यांदा येतो त्याला मी पट्टा हळू देतो. न्हाईतर तो पहिल्याच वळणावर पडतो, चार लोकांत लाजतो आन् निघून जातो. सराव झाला की थोडा जलद करतो. सरावलेल्याला हळू दिलं तर त्याला मजा येत न्हाई. माणूस बघून कळ फिरवतो मी. हरवायला न्हाई.”

“हे तू म्हणतोस.” साहेब माझ्याकडं वळले. “तुम्ही सांगा. हरणं-जिंकणं कळीवर आहे का खेळणाऱ्याच्या हातावर?”

मला नुसतं ‘कळीवर’ म्हणायचं होतं. एक शब्द. तोंड उघडलं, पण साहेब घाईचे होते. “नाहीतर असं करा, तुम्हीच बसा. कळ मी धरतो.”

चाक हातात घेण्याची ती माझी पहिली वेळ. वर्षभर मी त्या पेटीला हात लावला नव्हता. मी मनाशी ठरवलं, मुद्दाम पडायचं आणि म्हणायचं, बघा साहेब. पट्टा सुरू झाला. हिंगोलीचा स्टँड मागं गेला. पहिल्या वळणावर मी पडलो, घंटा वाजली. पण मुद्दाम नाही. मी चाक उशिरा वळवलं होतं, आणि ते मला दिसलं होतं. “पुन्हा,” मी म्हणालो. दुसऱ्यांदा म्हशीला धडकलो. तिसऱ्यांदा म्हशीच्या अलीकडंच डावीकडं घेतलं, बस बरोबर सुटली, आणि माझ्या अंगातून काहीतरी सरकन गेलं. साहेबांनी वेग वाढवला होता ते मला पट्ट्यावरून कळत होतं, पण मला त्याची फिकीर नव्हती. औंढ्याचा डोंगर आला. एक वळण, दुसरं, तिसरं. शेवटच्या वळणावर कड घासली. घंटा.

“अजून एक डाव,” मी मोठ्यानं बोललो.

भोवतीची माणसं खो खो हसली. जमादारही हसला. मी भानावर आलो. तळहात घामेजले होते. आणि तेव्हा मला कळलं की सटवाजीकडं काय आहे. मी दहा जन्म गुंडाळ्या बांधल्या असत्या तरी मला ते आलं नसतं. अर्ज लिहिताना मला फक्त राग होता. ते कळल्यावर जे झालं ते रागापेक्षा वाईट होतं.

“बोला,” साहेब म्हणाले. “यंत्र फसवतं का?”

“न्हाई साहेब. चूक माझ्या हाताची होती.”

साहेबांनी अर्जावर काहीतरी लिहिलं आणि कागद जमादाराकडं दिला. जाताना तेही एकदा खेळले, पहिल्या वळणावर पडले. पद्माबाईनं सुई पुन्हा सुरू केली होती. तिनं माझ्याकडं पाठ केली.

दसरा झाल्यावर आठवड्यानं सटवाजी दुकानात आला. त्यानं आपली पक्कड, पान्हे, टेस्टर एका पिशवीत भरले. दुकानात दुसरं कुणी नव्हतं.

“अर्ज काहून केलास?” त्यानं विचारलं. आवाज चढलेला नव्हता.

“मला बघवंना.”

“काय बघवंना?”

“माणसं तुझ्याकडं बघत होती ते.”

तो म्हणाला, “मला वाटलं, आमच्यातल्यानं वर यावं हे तुला पटलं न्हाई.”

“तसं न्हाई,” मी लगेच म्हणालो. मग मलाच ते खोटं वाटलं. “तेही असंल. दुसऱ्या टेबलावरचा तू. मला ठाऊक न्हाई, सटव्या.”

“तेच असतं तर बरं झालं असतं,” तो म्हणाला. “ते मला वळखीचं हाय. त्याला काय करायचं मला ठाऊक हाय. पण तू मला चांगलं वळखून अर्ज केलास.” पिशवीचा बंद ओढून तो उभा राहिला. “साहेबासमोर खरं बोललास, ते मी धरून हाय. पण मी आता इथं बसत न्हाई.”

त्यानं वसमतलाच साखर कारखान्याच्या रस्त्याला एक पत्र्याचं शेड भाड्यानं घेतलं. वर्षभरात तिथं सहा माणसं कामाला लागली, पुढच्या वर्षी अकरा. पट्टे रंगवायच्या खोलीत पद्माबाई आणि तिच्या हाताखाली चार बाया. नवे खेळ निघाले. विहिरीतून भरली बादली न सांडता वर काढायची, कापसाची गाडी पुरातून पलीकडं न्यायची. नांदेड, लातूर, जालना, जिथं जत्रा तिथं वसमतच्या पेट्या. औरंगाबादच्या एका प्रदर्शनात त्याचा फोटो निघाला, तो पेपरात आला. जनकाबाईनं तो कापून कपाटाच्या आतल्या बाजूला चिकटवला. ते कपाट उघडायचं मी टाळायचो.

सत्त्याहत्तरच्या थंडीत एका दुपारी पद्माबाई दुकानात आली. ती एकटीच होती, डोक्यावर पोतं. पोत्यात तीन मोटारी, तिन्ही जळालेल्या.

“बसा वहिनी,” मी म्हणालो.

ती बसली नाही. “अमृतराव, ह्या बांधून पायजेत. पुराचा खेळ तासभर चालला की मोटार जळून राहिली. नांदेडला दोनदा खेळ बंद पडला, लोक शिव्या देऊन गेले.” पूर्वी ती मला भाऊजी म्हणायची.

“सटवाजीनं पाठवलं?”

“त्यांना ठाऊक न्हाई. तुमच्याबद्दल माझ्या मनात काय हाय ते माझ्यापाशी. पण असं बारीक काम दुसरं कुणी करत न्हाई, म्हणून आले.”

ती गेल्यावर मी पहिली मोटार उघडली. बिघाड लगेच दिसला. पट्टा ओला दाखवायला यांनी जड मेणकापड वापरलं होतं, मोटारीवर भार येत होता, आणि तार फार बारीक होती. तारेची जाडी वाढवायची, वेढे बदलायचे, बस. किंवा पहिल्यासारखंच बांधून द्यायचं. ती मोटार दुकानात तपासताना नीट चालली असती आणि ऐन जत्रेत पुन्हा जळली असती. कुणाला कळलं नसतं. मी बारीक तारेचं रीळ हातात घेतलंही होतं. त्याच्या पेटीभोवतीची माणसं शिव्या देत पांगतात, हे चित्र मला गोड वाटत होतं.

रीळ मी खाली ठेवलं. चांगुलपणानं नाही. चांगली गुंडाळी बांधणं ही एकच गोष्ट माझी होती, आणि ती मी माझ्याच हातानं बिघडवली तर माझ्याजवळ काय उरणार होतं? तिन्ही मोटारी मी जाड तारेनं बांधल्या. तीन दिवस लागले. पद्माबाई न्यायला आली तेव्हा म्हणालो, “मेणकापड काढा. साध्या कापडाला रोगण मारा, चमक तीच येईल.” तिनं मान हलवली. म्हणाली, “बील करा.”

त्यानंतर मोटारी येत राहिल्या, जुन्याही आणि नव्याही. एक दिवस पोतं घेऊन सटवाजी स्वतः आला. दारात उभा राहून म्हणाला, “अमरत्या, शेडवर येतोस का? नवी पेटी मांडलीय.”

“मी काहून?”

“आमच्याकडची माणसं माझ्या तोंडाकडं बघून छान छान म्हणतात. माझ्या खेळात खोट निघावी असं मनापासून वाटणारा एकच माणूस हाय.” तो हसला नाही. “तू बराबर शोधशील.”

मला लागलं ते. पण मी गेलो. मनात हीच आशा धरून गेलो, की या वेळी तरी त्याचं चुकलेलं असावं. रेल्वेचा खेळ होता. पूर्णा जंक्शनात तीन गाड्या येतात, रूळ बदलून त्या एकमेकींवर आदळू द्यायच्या नाहीत. मी बसलो. सटवाजी शेजारी स्टुलावर, हातात वही-पेन्सिल. पद्माबाई लांबून बघत होती.

“तिसरी गाडी येते ती कळत न्हाई,” मी म्हणालो. “आधी दिवा पायजे.”

त्यानं लिहून घेतलं.

“खटका जड हाय. बाईमाणसाचा हात दुखंल. आन् गाडी सुटली की घंटा काहून? घंटा आदळल्यावर. सुटली की काहीतरी गोड वाजव.”

“अजून?”

“थांब.” मी पुन्हा खेळलो. चौथी खोट सापडली, पट्ट्याचा सांधा स्टेशनात यायचा आणि गाडीला धक्का बसायचा. तीही त्यानं लिहिली. पाचवी काही केल्या सापडेना. गाड्या येत होत्या, मी रूळ बदलत होतो, आणि जितकं नीट बघावं तितका तो खेळ चांगला दिसत होता. शेडमधली माणसं काम आटोपून घरी गेली. पद्माबाईनं माझ्या बाजूला चहाची कपबशी ठेवली.

“बास कर आता,” सटवाजी म्हणाला.

“एक सापडू दे,” मी म्हणालो, आणि खटका ओढला.